निळा वाल

बाबांची उजवी बाजू गेली त्या वर्षी आमचं शेत मी दुसऱ्याला करायला दिलं. शेणव्यात आमचं घर आहे. घरामागे भाताची खाचरं आणि त्यांच्या वरच्या अंगाला थोडं वरकस, म्हणजे उताराची मुरमाड जमीन, जिथे पूर्वी नाचणी, वरई व्हायची. मी शहापुरातल्या एका शाळेत क्लार्क आहे. सकाळी जीप पकडून जायचं, संध्याकाळी परत यायचं. दुपारचं जेवण शेजारची काकी बाबांना भरवायची. बाकी सगळं माझ्याकडे: अंघोळ, कपडे, गोळ्या, अंथरूण, कूस बदलणं. माझं लग्न झालं नाही. धाकट्या बहिणीचं झालं आणि ती नवऱ्याबरोबर अमेरिकेत, टेक्सासला गेली. आई आधीच गेलेली. घरात बाबा आणि मी असे दोघंच उरलो.

बहीण फोन करायची, तोंड बघता येईल असा. बाबांना फोन हातात धरता यायचा नाही, म्हणून तो मी धरून उभी राहायची. दोघं बोलायची आणि मी फोनचा खांब.

मार्च महिन्यातली गोष्ट. आमच्याकडे दिवेलागण झाली होती, तिच्याकडे सकाळ. ती कुठेतरी गाडी थांबवून खाली उतरली होती.

"बाबा, हे बघा," ती म्हणाली आणि तिने फोन फिरवला.

रस्त्याच्या दोन्ही बाजूंना, नजर जाईल तिथवर, निळं होतं. गुडघाभरही उंची नसलेली झाडं, प्रत्येकाच्या शेंड्याला निळ्या फुलांचा तुरा, आणि तुऱ्याच्या टोकाला पांढरा ठिपका. लोक गाड्या थांबवून आपल्या मुलांना त्या फुलांत बसवून फोटो काढत होते. ब्लूबॉनेट म्हणतात याला, तिने सांगितलं. टेक्सासचं हे रानफूल. पेरलं नाही तरी दरवर्षी आपलं आपण येतं, आणि हमरस्त्यांच्या कडेने तर सरकारही बी टाकतं.

मला वाटलं, बाबा "छान हाय" म्हणतील आणि संपेल. पण ते उशीवरून मान उचलू लागले.

"आपल्या वैशाखऱ्याला कारवी फुलते तशी?" त्यांनी विचारलं. वैशाखऱ्याला आमची आत्या होती. लहानपणी बाबा आम्हा दोघींना तिच्याकडे न्यायचे. सात वर्षांनी एकदा कारवी फुलली की तिथून वरचे उतार निळे-जांभळे होतात. एका फेरीला बाबांनी आम्हाला मुद्दाम ते दाखवायला नेलं होतं.

"तशीच, बाबा. पण ही दरवर्षी."

"माती कशी हाय गो? माती दाखव."

ती वाकली. खालची माती फिकट, खडीमिश्रित, चुनखडीसारखी दिसत होती. तिने एक पान तोडून जवळ आणलं. हाताची पाच बोटं फाकवावीत तसं पान होतं.

"शेंग धरते का याला?"

"हो, बाबा. फुलं गेली की शेंगा येतात. वाळल्या की तडकतात आणि बी लांब उडतं."

बाबा हसले. पडल्यापासून त्यांचं हसू अर्ध्याच तोंडाने यायचं. "अगो, मंग हा वालच. निळा वाल."

त्या दिवसापासून आमच्या घरात त्या फुलाचं नाव निळा वाल पडलं.

बाबांनी आयुष्यभर बियाणं विकत आणलं नाही. कुठल्या लोंबीचं बी धरायचं, ते उभ्या शेतात ठरवायचे. आता अंगात काही उरलं नव्हतं आणि बोलायलाही फारसं काही नव्हतं. त्या फुलाने त्यांना बोलायला विषय दिला. रोज बहिणीला प्रश्न. तिथे पाऊस किती? थंडी कशी? ऊन लागतं की सावली? ती शोधून शोधून सांगायची. ऊन दिवसभर पाहिजे. पाण्याचा निचरा पाहिजे, मुळाशी पाणी थांबलं की रोप कुजतं. खत घालायचं नाही, नाहीतर नुसता पाला माजतो. बी कठीण कवचाचं, म्हणून काचपेपरवर घासायचं, किंवा त्यावर गरम पाणी ओतून रात्रभर भिजत ठेवायचं. पेरायचं पावसाळा सरल्यावर, फुलं येतात थंडी संपताना. आणि कुणी तोंडात घालायचं नाही, विषारी असतं.

"म्हंजे भात कापल्यावर वाल टाकतो तसंच," बाबा म्हणाले. "वरकसात जमंल. नाय नाय, तिथं नको. परक्या मुलखाचं बी, रानात पसरलं तर आवरणार कोण? अंगणातच वाफा करू. मुरूम टाकू. चुलीची राख मिसळू, मंग त्याला तिकडच्यासारखी माती वाटंल."

भाद्रपदात बहिणीच्या ओळखीतल्या कुणाची तरी आई कल्याणला परतली. तिच्याबरोबर बहिणीने कपड्यांच्या घडीत बियांची पुडी पाठवली. ती आणायला मला शाळेतून अर्धी रजा काढावी लागली. दारात उभं राहून मी पुडी घेतली आणि तशीच परत फिरले. त्या दिवशी काकीलाही कुठे जायचं होतं, त्यामुळे बाबा दुपारभर ओल्या अंथरुणात पडून होते. मी आले तेव्हा त्यांनी आधी विचारलं, "बी आणलंस?"

खड्यांसारखं बी होतं. करडं, तपकिरी, ठिपक्याठिपक्यांचं. बाबांनी ते डाव्या तळहातावर घेऊन अंगठ्याने कितीतरी वेळ फिरवलं.

"समदं एकदम नाय टाकायचं," ते म्हणाले. "अर्धं राखेत घालून डब्यात ठेव."

मी ठेवलं.

दिवाळी झाली, भात कापून झालं. मी अंगणात वाफा केला, मुरूम आणून टाकला, राख मिसळली. पेरणीच्या आदल्या दिवशी, रविवार होता, बाबांचं पोट बिघडलं. सकाळपासून तीनदा अंथरूण बदललं. चादरी धुऊन माझ्या कमरेचा काटा ढिला झाला होता. बाबाही चिडलेले. पाणी गार दिलंस, उशी उंच झाली, हात जोरात धरलास. संध्याकाळी बहिणीचा फोन आला आणि त्यांचा चेहरा उजळला. उजळलाच, दुसरा शब्द नाही त्याला.

"बाबा, उद्या पेरणार ना?"

"व्हय गो बाय. तुझी फुलं बघितल्याबिगर मी काय जात नाय."

मग ती मला म्हणाली, "ताई, बी भिजत घातलंस का? अगं, विसरू नकोस हं. पाच मिनिटांचं काम आहे."

फोन संपला. मी स्वयंपाकघरात गेले. पातेल्यात पाणी घेतलं, त्यात बी टाकलं आणि गॅस लावला. पाणी गरम करून बियांवर ओतायचं होतं, बियांसकट उकळायचं नव्हतं. मला हे माहीत होतं. पुढे मी स्वतःला पुष्कळदा सांगून पाहिलं की दमले होते, लक्ष नव्हतं, चुकून झालं. पण मी शेगडीपाशीच उभी होते. पाण्याला उकळी फुटली, बिया तळाशी नाचू लागल्या, एकेकीचं साल चिरलं. वाटाणे शिजवतात तेवढा वेळ मी त्यांना उकळू दिलं. मग गॅस बंद करून वर झाकण ठेवलं.

मनात काय होतं? ज्या मुलीने वर्षभरात बाबांची एक चादर धुतली नाही, तिची फुलं बघायला ते जगणार होते. तुझ्यासाठी जगेन असं ते मला कधी म्हणाले नव्हते. एवढंच होतं. आज लिहिताना ते किती लहान वाटतं.

सकाळी मी आणि काकीने बाबांना खुर्चीत बसवून अंगणात आणलं. काकी गेली. मी वाफ्यापाशी उकिडवी बसले.

"एक दाणा दे इकडं," बाबा म्हणाले.

मी पातेल्यातला एक दाणा त्यांच्या डाव्या हातात ठेवला. त्यांनी तो अंगठा आणि बोटाच्या चिमटीत दाबला. दाणा दबला. आतलं पिठूळ बाहेर आलं.

साठ वर्षं बी हाताळलेला माणूस. मी मान खाली घालून मातीत बोट फिरवत राहिले. बाबांनी बोटं धोतराला पुसली.

"टाक," ते म्हणाले. "नखाएवढं खोल. वीतभर अंतर ठेव."

मी टाकत गेले. ते सांगत गेले, इथे एक, तिथे एक, फार दाबू नको, पाणी शिंपड फक्त. मेलेलं बी आम्ही दोघांनी मिळून अगदी नीट पेरलं.

नंतर रोज सकाळी ते ओटीवरच्या खाटेवरून वाफ्याकडे बघायचे. मला कळेना ते काय बघतात. बहीण विचारायची, "उगवलं का?" मी म्हणायची, "अजून नाही." दहा-बारा दिवसांनी ती म्हणाली, "ताई, तू काही चुकवलंस का गं? पाणी जास्त झालं का?" माझ्या हातात फोन होता. तोंड उघडायच्या आत बाबा बोलले.

"अगो, माझीच चूक झाली. मीच तिला सांगितलं, आधणाचं पाणी वत म्हणून. बी मेलं. म्हातारा झालो मी, ध्यानात नाय राहात."

"असू दे बाबा," बहीण म्हणाली. "पुढच्या वर्षी पाठवते."

बाबा छपराकडे बघत होते. फोन ठेवल्यावर ते म्हणाले, "चहा ठेव."

मी चहा ठेवला.

तेव्हाच सांगायला हवं होतं. निदान दुसऱ्या दिवशी. डब्यात अर्धं बी होतं. त्यांना ठाऊक होतं, मलाही ठाऊक होतं. वाल तर मार्गशीर्षातसुद्धा टाकतात, वेळ गेलेली नव्हती. त्यांनी डबा मागितला नाही. मी काढला नाही. मला वाटतं ते वाट बघत होते, मी होऊन काढीन म्हणून. आणि मला वाटत होतं, डबा काढला तर सगळं कबूल केल्यासारखं होईल. असे आठवड्यामागून आठवडे गेले. बाबा माझ्याशी पूर्वीपेक्षा मऊ बोलू लागले. पाणी गार असलं तरी काही म्हणायचे नाहीत. एकदा पाठ पुसताना म्हणाले, "तू लय करतेस गो." मला ते ऐकवेना. मी बादली उचलून बाहेर गेले.

आषाढात छातीत कफ भरून ते गेले. बहीण चौथ्या दिवशी पोचली, तेराव्यापर्यंत राहिली आणि गेली. त्या दिवसांत घर माणसांनी भरलेलं होतं. ती रडली की मी तिला जवळ घ्यायची आणि आतून कोरडी असायची.

पुढच्या दिवाळीनंतर मी डबा काढला. कुणाला दाखवायचं नव्हतं, कुणी बघायलाही नव्हतं. वाफा पुन्हा खणला. एकेक बी काचपेपरवर घासलं, वरचा करडा रंग जाऊन आतला फिका दिसेपर्यंत. कोमट पाण्यात रात्रभर ठेवलं. सकाळी जे दाणे फुगले ते पेरले, जे तसेच राहिले ते पुन्हा घासले. हे सगळं बहिणीने बाबांना सांगितलेलंच होतं. बावीस बियांपैकी नऊ उगवल्या. तीन गोगलगायींनी खाल्ल्या. एक मी पाणी जास्त घालून कुजवली. पाच राहिल्या.

त्या पाच रोपांनी माझा जीव खाल्ला. दोन महिने ती जमिनीला चिकटून बसली. पाच-पाच बोटांची पानं गोल पसरलेली, दहिवराचा थेंब मध्यावर धरलेला, पण वाढ म्हणून नाही. मी समजले, गेली. पण जानेवारी सरताना मधून दांडा वर आला आणि फेब्रुवारीत फुललं. निळं. टोकाला पांढरं. नाक अगदी जवळ नेलं तर मंद गोड वास. काकी येऊन बघून गेली. "वालाच्याच जातीचं दिसतंय," म्हणाली. बाबा गेले त्या दिवशीही मी इतकी रडले नव्हते.

फोटो काढला नाही. बहिणीला कळवलं नाही.

पण त्याच महिन्यात ती आली. जमिनीच्या वारसनोंदीला तिची सही हवी होती. अंगणात बॅग ठेवली आणि ती जागच्या जागी थांबली.

"ताई! हे... हे बाबांचं बी?"

ती गुडघ्यांवर बसली. फुलांना हात लावला, मग मागे वळून माझ्या कमरेला मिठी मारली, लहानपणी मारायची तशी. "तू केलंस. तू बाबांसाठी केलंस. बिचारे बाबा, मला किती वेळा म्हणाले, माझ्याच चुकीने बी मेलं. त्यांना किती लागलं होतं ते."

तिची मिठी सुटायच्या आत मी म्हणाले, "त्यांची चूक नव्हती. मी उकडलं होतं."

"म्हणजे?"

"पातेल्यात घालून, गॅसवर. मुद्दाम."

तिने हात काढले. उभी राहिली. "बाबांना माहीत होतं?"

"दाणा हातात घेतला तेव्हाच कळलं त्यांना."

"का केलंस?"

"तुझा राग आला होता."

"मग मला शिव्या द्यायच्यास," ती म्हणाली. आवाज चढला नव्हता. "मला फोनवर हवं ते बोलायचंस. ते खाटेवर पडून रोज त्या मातीकडे बघत होते, ताई. फोनवर मला दिसायचे ते. त्यांना कशाला त्यात घेतलंस?"

तिने बॅग उचलली, आत गेली आणि त्या दिवशी जेवली नाही.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी एकाच जीपने शहापूरला गेलो. तलाठ्याकडे सह्या केल्या, झेरॉक्स काढल्या, परत आलो. कामापुरतं बोललो. तिला परत जायला अजून चार दिवस होते. मला वाटलं, ती कल्याणला सासरच्या नातेवाइकांकडे निघून जाईल. गेली असती तर मला त्यात गैर वाटलं नसतं. उलट थोडं हलकंच वाटलं असतं. कुणीतरी मला शिक्षा द्यायला हवी होती. बाबांनी दिली नाही आणि आता ते देऊही शकत नव्हते.

तिसऱ्या दिवशी सकाळी ती ओटीवर येऊन बाबांच्या खाटेच्या कडेला बसली. मी तांदूळ निवडत होते.

"माणूस वर झोपलेला असताना चादर कशी बदलायचीस?" तिने विचारलं.

मला आधी कळेना ती काय विचारते आहे.

"सांग ना. एकटीने कशी बदलायचीस? मला काहीच माहीत नाही. मी फक्त त्यांचं तोंड बघायचे, तू फोन धरशील तेवढं."

"सांगून नाही कळायचं," मी म्हणाले. "आडवी हो."

ती खाटेवर उताणी झाली. मी सूप बाजूला ठेवलं, आतून चादर आणली. एक हात तिच्या खांद्याखाली, एक गुडघ्याखाली घालून तिला माझ्याकडे कुशीवर वळवलं. पलीकडची जुनी चादर गुंडाळत तिच्या पाठीशी नेली, मोकळ्या जागी नवी अंथरली. बाबांना असं वळवलं की ते डाव्या हाताने माझा दंड धरायचे, हे सांगितलं. तिने माझा दंड धरला.

"असा?"

"जरा वर."

"दिवसातून किती वेळा?"

"दिवसावर असायचं."

तिचं तोंड माझ्या पोटाशी होतं, म्हणून मला दिसत नव्हतं.

"मी माफ केलंय असं समजू नकोस," ती म्हणाली.

"नाही समजत."

"हं. पुढे काय करायचं?"

मी तिला दुसऱ्या कुशीवर वळवलं.